गोधडीचा शास्त्रशुद्ध भाव

धाराशिव जिल्ह्यातल्या बचतगटाला पहिल्यांदाच प्रदर्शनात गोधड्या मांडायच्या असतील, तर भाव ठरवण्याचं प्रचलित शास्त्र निर्दोष आहे. जुनी लुगडी घरचीच, म्हणून कापड शून्य. टाके दुपारचे, म्हणजे फावल्या वेळातले, म्हणून मजुरी शून्य. उरलं दोऱ्याचं रीळ. एवढ्या भांडवलावर हजार रुपये मागणाऱ्या बाईशी निम्म्यावरून घासाघीस सुरू करणारं गिऱ्हाईक कंजूष नव्हे, अर्थतज्ज्ञ ठरतं. तुळजापूरच्या कवड्यांच्या माळेलाही हाच नियम: ओवणं हे काम नव्हे, भक्ती. २०२४ साली तिला भौगोलिक मानांकन मिळालं खरं. पण मानांकनात मुलूख मोजतात, बोटं नव्हेत.

यावर आक्षेप असा, की याच महाराष्ट्रात १९७७चा रोजगार हमी कायदा आहे आणि त्याखाली बाईने खणलेली माती मोजून मजुरी मिळते. मग टाक्यांची का नको? आक्षेप उथळ आहे. मातीच्या खड्ड्यात टेप धरता येतो; टाके मोजायला बसलं तर प्रदर्शनाचा समारोप उरकून जाईल. तरीही कुणाचा मजुरीचा हट्टच असेल, तर गोधडी टिकावाने शिवावी. एरवीच्या तयारीत मात्र काटकसर नको. मंडप, फ्लेक्स, ध्वनिक्षेपक यांचे पैसे रोख मोजावेत. मंडपवाल्याला फावला वेळ नसतो. उद्घाटकांनी ‘स्त्रीश्रमाचं मोल’ या विषयावर तासभर बोलावं आणि स्मृतिचिन्ह म्हणून त्यांना एक गोधडी भेट द्यावी. तिला खर्च आलेलाच नाही.