आंतरशाखीय दादा

येरवड्यात कुणालाही विचारा काय करतोस, एका दमात उत्तर मिळतं. जेलमध्ये नोकरी, कंपनीत ड्रायव्हर, गुंजन चौकात टपरी. आमच्या सोसायटीतला दादा मात्र आधी डोळे मिटतो. "माझी प्रॅक्टिस आंतरशाखीय आहे. देह, ध्वनी, वस्तू, अवकाश..." अवकाश येईपर्यंत विचारणाऱ्याने रिक्षा पकडलेली असते. त्याची आई सोपं करून सांगते, "नाटकात आहे. पण बोलत नाही."

झोळीत कायम दोरी, हळद आणि दोन पानी निवेदन. दहा मिनिटांचा प्रयोग बघायला वीस मिनिटं वाचावं लागतं.

तेहचिंग श्ये या कलावंताने १९७८-७९मध्ये न्यूयॉर्कमध्ये स्वतःला वर्षभर पिंजऱ्यात कोंडून घेतलं होतं, हे दादाने घरी कौतुकाने सांगितलं. "त्यासाठी एवढ्या लांब कशाला जायचं?" आई म्हणाली. त्यांच्या खिडकीतून जेलची भिंत दिसते. गांधीजींचं १९३२चं उपोषण त्याच भिंतीआड झालं, म्हणून दादा त्यांना आपल्या पंथाचे आद्यपुरुष मानतो. त्या उपोषणातून पुणे करार झाला. (त्यावर आमच्या गल्लीत आजही कडक मतं आहेत, दादा शहाणा, त्यात पडत नाही.) दादाने उपोषण केलं तेव्हा आईने साबुदाणा भिजवला.

मारिना अब्रामोविच या कलावंत २०१०मध्ये न्यूयॉर्कच्या संग्रहालयात सुमारे अडीच महिने खुर्चीवर गप्प बसल्या. समोर बसणाऱ्यांना रडू कोसळायचं. दादाने आमच्या पार्किंगमध्ये प्लास्टिकच्या दोन खुर्च्या मांडल्या. पहिले बसले सोसायटीचे सेक्रेटरी. त्यांनी थकलेल्या मेंटेनन्सचा विषय काढला आणि समोरचा उलटून बोलत नाही म्हटल्यावर तासभर मन मोकळं केलं. मग वॉचमन बसला, तो झोपलाच. तिसऱ्या काकूंच्या डोळ्यांतून मात्र घळाघळा पाणी. दादा थरारला. तळमजल्यावर मिरचीची फोडणी पडली होती; दोन मिनिटांत तोही ठसकायला लागला.

मला यातलं निम्मं कळत नाही. एक काम मात्र पटलं. कचरा वेचणाऱ्या मावशींची हातगाडी तो पहाटे ओढायला जायचा. पहिल्याच चढाला मावशी ओरडल्या, "कंबरेनं नको रे, पायानं ओढ! उद्या उठता यायचं नाही." महिनाभर गेला, एकही फोटो न काढता. दादाच्या बाबतीत हे अघटितच.

मग कोरेगाव पार्कात प्रयोग झाला. पांढऱ्याफेक भिंती, रिकामी गाडी, हॉलभर फेऱ्या. पुढे बसलेल्या मावशी ठेवणीतली साडी नेसून आलेल्या. दमल्यावर दादाची कंबर वाकली. "पायानं!" मावशी कडाडल्या. दादाने मुकाट गुडघ्यात जोर घेतला. हॉल भारावला. नंतर एका बाईंनी विचारलं, "तो आवाज आधी रेकॉर्ड केला होता का?" दादाने तोंड उघडायच्या आत मावशी म्हणाल्या, "मीच वरडले. चाकाला वंगणपण घातलं न्हाई मेल्यानं."