चुकलेल्या स्वराची फिर्याद
नेल्सन गुडमन या अमेरिकन तत्त्वज्ञाने १९६८ साली असा निवाडा दिला की, स्वरलिपीबरहुकूम केलेले अत्यंत रुक्ष वादन हे त्या कृतीचे अस्सल वादन होय. एक स्वर चुकलेले अलौकिक वादन मात्र नव्हे. या कायद्यान्वये, २२ डिसेंबर १८०८ रोजी व्हिएन्नाच्या गारठलेल्या नाट्यगृहात चार तास कुडकुडत, अपुऱ्या तालमीच्या वाद्यवृंदाकडून ज्यांनी बेथोव्हेनची पाचवी सिंफनी ऐकली, त्यांचा ती ऐकल्याचा दावा बहुधा खर्चासह खारीज होईल. कारण रचनाकार जातीने हजर, पण रचना गैरहजर! आमच्या ख्यालाची चौकशी या अंमलदाराने न केलेलीच बरी. दोन ओळींची बंदिश तासभर फुलवणाऱ्या बुवांवर तो अतिक्रमणाची नोटीसच बजावायचा.