शंकरभक्त काका

बंगळुरूजवळच्या आनेकलमधले आमचे काका शंकरभक्त आहेत; मात्र त्यांचा शंकर रिक्षाच्या मागच्या काचेवर राहतो. कन्नड नट-दिग्दर्शक शंकर नाग! मुलाच्या नोकरीपायी ठाणं सोडून इकडे आल्यावर काकांना तो चेहरा रिक्षारिक्षांवर दिसला आणि त्यांनी जाहीर केलं, "अरे, हा तर आपला!"

'आपला' ठरवण्याचे पुरावे त्यांच्या जिभेवर असतात. जन्म १९५४चा, होन्नावरचा, हे ते घाईने उरकतात. मग आवाज चढतो. "पण नाटकात रमला कुठे? मुंबईत, मराठी रंगभूमीवर! '२२ जून १८९७' सिनेमाच्या लेखनात हात कुणाचा? १९८०च्या 'मिंचिना ओटा'त, म्हणजे त्याने स्वतः दिग्दर्शित केलेल्या सिनेमात, कोण होतं? आपल्या तेंडुलकरांची प्रिया!" गाडी त्याच्या 'मालगुडी डेज' मालिकेच्या चित्रीकरणाच्या आगुंब्याला पोहोचते तेव्हा आतून काकूंचा आवाज येतो, "अहो, कोथिंबीर आणायला निघाला होतात ना?"

कोथिंबीर आणायला काका रिक्षानेच जातात. काचेवरच्या फोटोकडे बोट दाखवून म्हणतात, "शंकरण्णा मीटरनेच गेला असता!" रिक्षावाला मनापासून हसतो, "हौदु सार" म्हणतो आणि मीटरच्या दीडपट मागतो. काका देतात. वर शंकरच्या 'ऑटो राजा' सिनेमावर गप्पाही मारतात, हाताच्या खुणांच्या कन्नडमधून.

२०२५ साली बोम्मसंद्रापर्यंत मेट्रो आली. बंगळुरूत मेट्रो हवी असं शंकर ऐंशीच्या दशकातच म्हणायचा, हे काकांनी डब्यात शेजारच्याला सांगितलं. तो तमिळ होता. काकांनी पुन्हा सांगितलं, जरा मोठ्याने.

सोसायटीच्या गणपतीत नाटक ठरलं की लेखक काका, निर्माते काका, दिग्दर्शक काका. ऐनवेळी नायकाला ऑफिसची शिफ्ट लागते, मग नायकही काका. पडदा ओढायला तेवढ्या काकू. कुणी कुरकुर केलीच तर उत्तर तयार: "शंकर सगळं करायचा." नट, लेखक, दिग्दर्शक, निर्माता, शिवाय बंगळुरूत संकेत नावाचा ध्वनिमुद्रण स्टुडिओ. पुढे कुणाची बोलायची टाप नसते. नाटक चाळीस मिनिटं चालतं, आधीचं मनोगत अर्धा तास.

३० सप्टेंबर १९९०च्या दावणगेरेजवळच्या, शंकरचा जीव घेणाऱ्या अपघातापाशी आलं की काका हळवे होत नाहीत, चिडतात. "पस्तीस वर्षांचा होता! मी पस्तिसाव्या वर्षी बढतीच्या परीक्षेला बसत होतो!" आणि त्याच तिरमिरीत पुढच्या नाटकाची वही उघडतात.

असे एक काका तुमच्याही सोसायटीत असतील. त्यांची वर्गणी वेळेवर द्या, पहिल्या रांगेत बसा आणि मनोगत संपेपर्यंत उठू नका. ते उठले, तर नाटक करायला दुसरं कुणी नाही.