गुट्सलेवाल्या आजी

श्टुटगार्टच्या जुन्या इमारतीत तळमजल्यावर एक आजी असतातच. जिना झाडायची पाळी कुणी चुकवली, कचरा चुकीच्या डब्यात कुणी टाकला, हे बघण्यात त्यांचं वर्ष जातं. नोव्हेंबर लागला की मात्र जिना सुटतो आणि ओव्हन तापतो. नाताळच्या बिस्किटांना इकडे श्वाबियात गुट्सले म्हणतात. ती विकत आणणाऱ्या घरात आजी पाणीसुद्धा पिणार नाहीत.

सुरुवात लेबकूखन नावाच्या मसालेदार बिस्किटांच्या पिठापासून. मध, मैदा, दालचिनी, लवंग, वेलची, जायपत्री, बडीशेप आणि धने. धने वाचून दचकू नका, आजींसमोर तर अजिबात नको. हे मळलेलं पीठ थंड खोलीत कित्येक दिवस झाकून असतं. भाजल्यावर लेबकूखन असे कडक होतात की कवळीला घाम फुटावा. मग डब्यात सफरचंदाची फोड ठेवून ते मऊ पडायची वाट बघायची. मोजमाप सगळं ग्रॅममध्ये. ‘अंदाजे’ असं कुणी म्हणालं की आजी चष्म्यावरून बघतात. दालचिनी सिलोनचीच लागते. स्वस्त कॅसिया दालचिनीतल्या कुमारिनबद्दल 2006 साली जर्मन सरकारी संस्थेनं इशारा दिला, तेव्हा ‘मी कधीची सांगतेय’ हे त्यांनी अख्ख्या इमारतीला ऐकवलं.

पण खरी परीक्षा श्प्रिंगर्लेची. अंडी आणि साखर फेटफेट फेटायची, मैदा घालून पोळी लाटायची, कोरीव लाकडी साच्यानं तिच्यावर घोडेस्वार नाहीतर फुलं उठवायची आणि कापलेल्या वड्या दिवसभर वाळू द्यायच्या. मग मंद आच. वरचा भाग पांढराच राहून खालून सरळ पाय फुटला तर जिंकलं. पाय वाकडा आला की दोन दिवस आजी फोन उचलत नाहीत.

नाताळआधीच्या अ‍ॅडव्हेंटच्या आठवड्यांत डब्यांची देवाणघेवाण सुरू होते. चकलीच्या काट्यांवरून शेजारणीचा संसार जोखणाऱ्या आपल्या काकूंची आजी म्हणजे सख्खी बहीण. आलेल्या डब्यातलं श्प्रिंगर्ले त्या उचलतात, उलटं करून बघतात आणि एक अक्षर न बोलता परत ठेवतात. निकाल संध्याकाळपर्यंत तिसऱ्या मजल्यावर पोचलेला असतो.

तिथल्या मराठी जोडप्याला यातून सवलत आहे. भारतातून येताना ते हिरव्या वेलचीची पुडी आणतात. आजी ती नाकाशी धरतात, डोळे मिटतात, आणि जिन्याच्या चुकलेल्या पाळ्या माफ होतात. कृती मात्र त्यांनाही मिळत नाही. ती सुनेलासुद्धा अर्धीच मिळाली आहे. वहीत सगळं आहे, फक्त फुलायला घालायच्या बेकिंग अमोनियाचं प्रमाण लिहायचं राहून गेलंय म्हणे.

तेव्हा श्टुटगार्टात डिसेंबर काढायचा असेल तर वेलची जवळ बाळगा. आजींनी डबा पुढे केला की आधी ‘पाय काय सुंदर आलेत’ म्हणा. चवीचं नंतर बोललात तरी चालेल.