टॉवेल-टोपीचं परराष्ट्र धोरण

काशीतल्या दूधविनायकाच्या आमच्या गल्लीने तुर्कस्तानाशी संबंध तोडले, त्याला आता पंधरवडा होईल. अंकाऱ्याहून अजून काही निरोप नाही. पोस्टमनची वाट बघतोय. गल्लीत गाय आडवी बसलेली नसली तर तो येतो.

पुण्याच्या फळबाजारात मे २०२५ मध्ये व्यापाऱ्यांनी तुर्की सफरचंदं नाकारली. ही बातमी मोबाईलवरून भारतभ्रमण करत आमच्या तात्यांपर्यंत पोचली ती थेट कार्तिकात. पुण्याने केलं आणि काशीने केलं नाही, हे तात्यांच्याने सोसवेना. पंचाईत अशी की आमच्या गल्लीत तुर्की सफरचंद कुणी खात नाही. उपासाला शिंगाडा नि केळं, बाकी दिवस पेरू. नाकारायला आधी घरात वस्तू तर पाहिजे! दोन दिवस तात्या घरोघर जाऊन तुर्कस्तान शोधत होते. अखेर तो सापडला. पंचगंगा घाटाच्या सातव्या पायरीवर, माझ्या लोट्याशेजारी, घडी घालून ठेवलेला.

"हे काय?"

"टॉवेल."

"कुठला?"

लहानपणापासून आई म्हणायची तेच तोंडून गेलं. "टर्किश."

घाटावरचे बाकीचे तीन मराठी आणि एक पंडा माझ्याकडे असे बघायला लागले, जणू मीच बुडी मारून बॉस्फरसमध्ये वर निघालो होतो.

आता हा टॉवेल. त्याच्या कोपऱ्याला शिवलेल्या चिठ्ठीवर स्वच्छ लिहिलं आहे, सोलापूर. पद्मशाली विणकरांच्या मागावरून उतरलेला, दोन्ही अंगांना सुताचे बारीक फास उभे असलेला, आठ वर्षं धुऊनही पाणी पिणारा. सोलापुरी चादरीसारखं सोलापुरी टॉवेललाही भौगोलिक मानांकन आहे. टर्किश म्हणायचं ते विणीमुळे. बुरसा शहरातली ही वीण एका इंग्रज प्रवाशाने उचलली, मायदेशी यंत्रावर चढवली आणि १८५१ च्या लंडनच्या जंगी प्रदर्शनात मांडली. पुढे मँचेस्टरचा माल मुंबईला आला तो नाव घेऊनच आला. म्हणजे नाव तुर्काचं, नफा इंग्रजाचा आणि घाम सोलापूरचा. हे सगळं मी तात्यांना पायरीवर कुडकुडत, ओल्या धोतरात सांगितलं. ते शांतपणे म्हणाले, "ते ठीक. पण नाव कुणाचं झालं?"

हा युक्तिवाद एकदा मान्य केला की मग थांबायचं कुठे? बनारसचा माणूस चहात चीनी घालतो आणि प्रसादाला मिसरी वाटतो. एकीत चीन, दुसरीत इजिप्त. दोन्ही उसाच्या. तात्यांच्या सुपारीच्या डब्यातली कैची तुर्की शब्द आहे. ज्या तोफखान्याच्या आठवणीने त्यांचा ऊर भरून येतो त्यातली तोफही तुर्कीच, आणि विजापूरची मुलूख-ए-मैदान ओतली तीसुद्धा १५४९ साली अहमदनगरात एका रूमी, म्हणजे तुर्की, उस्तादाने. उलट इंग्रज ज्याला टर्की म्हणून नाताळात खातो तो पक्षी मूळचा अमेरिकेचा. त्याचा तुर्कस्तानाशी काडीचा संबंध नाही, म्हणून तुर्कांनी त्याला आपलं नाव दिलंच नाही. ते त्याला म्हणतात 'हिंदी'. दुकानातल्या पाटीवर, जेवणाच्या यादीत, सरळ 'हिंदी'. उद्या तिकडच्या एखाद्या गल्लीतल्या तात्याने भारताशी संबंध तोडायचे ठरवले तर पहिली गदा त्या बिचाऱ्या कोंबड्याच्या मोठ्या भावावर येणार.

आणि तिकडे असे तात्या नव्हते असं समजू नका. १९०८ साली ऑस्ट्रियाने बोस्निया गिळला, तेव्हा इस्तंबूलच्या लोकांनी ऑस्ट्रियन मालावर बहिष्कार पुकारला. हमाल जहाजांवरचा माल उतरवेनात, दुकानं ओस पडली. आणि मग कुणाच्या तरी ध्यानात आलं की डोक्यावरची लाल गोंड्याची फेज, जिच्यावरून अख्खी दुनिया तुर्क ओळखते, ती मुळी ऑस्ट्रियाच्या कारखान्यातून येते! रस्त्यात लोकांनी फेजा फाडल्या, पांढऱ्या नमद्याच्या टोप्या चढवल्या. या फेजेचं चरित्र तर बघा. १८२९ मध्ये सुलतानाने फर्मान काढून पागोटी उतरवली आणि अधिकाऱ्यांच्या डोक्यावर ती बसवली, तेव्हा धार्मिक लोक ओरडले की धर्म बुडाला. पाऊणशे वर्षांत तीच फेज धर्माची खूण झाली. १९०८ मध्ये ती देशद्रोही ठरली. १९२५ मध्ये प्रजासत्ताकाने कायदा करून ती गुन्हेगार ठरवली आणि काठाची युरोपी हॅट सक्तीची केली, तेव्हा टोपीवरून माणसं फासावर गेली. पुरुषांचं डोकं निवांत झाल्यावर सरकार बायकांच्या डोक्याकडे वळलं. विद्यापीठांच्या दारात कित्येक वर्षं मुलींचे रुमाल उतरवले गेले, आणि २०१३ मध्ये बहुतेक सरकारी कचेऱ्यांत ते पुन्हा चढले. दोनशे वर्षांचं राजकारण, आणि सगळं भुवयांच्या वर. आपल्याकडे टोपी घालणं म्हणजे फसवणं आणि टोपी फिरवणं म्हणजे पक्ष बदलणं; तुर्कांनी त्याचे कायदे केले, एवढाच फरक. मात्र १९०८ चा तो बहिष्कार फुकट गेला नाही. पाच महिन्यांच्या आत ऑस्ट्रियाने २५ लाख लिरा भरपाई कबूल केली. कारण तुर्कांनी टोपी खरोखर ऑस्ट्रियाची आहे की नाही एवढं तरी पाहिलं होतं.

पण तात्यांना होळी हवी होती. १९०५ मध्ये पुण्यात परदेशी कापडाची होळी झाली तेव्हा त्यांचे आजोबा काशीत होते. हे शल्य घराण्यात तिसऱ्या पिढीला चालत आलेलं. रविवारी संध्याकाळी गल्लीच्या तोंडाशी गवऱ्या रचल्या, वर माझा टॉवेल ठेवला. टॉवेल ओला होता. सोलापूरचा आहे, पाणी धरून ठेवतो, हे मी सांगितलंच होतं. जळेना. नुसता धूर. वरच्या मजल्यावरून आजी खोकत शिव्या देऊ लागल्या, त्याही तीन भाषांत. तेव्हा तात्या म्हणाले, "काहीतरी कोरडं आणा रे." त्यांचा नातू धावत गेला आणि माळ्यावरून एक गाठोडं घेऊन आला.

लाल खारव्याचा रुमाल. आत कागद. मोडीतले.

इथे माझा विनोद संपतो. मी तो रुमाल हिसकावून घेतला आणि गल्लीत कधी बोललो नाही असं बोललो. हेच तात्या आठवडाभर सांगत होते की बघा त्या लोकांची दशा, नोव्हेंबर १९२८ मध्ये कायदा केला आणि जानेवारी १९२९ पासून जुन्या लिपीत पुस्तक छापायला बंदी, आता नातवाला आजोबाच्या थडग्यावरचं नाव वाचता येत नाही. खरं आहे, येत नाही. पण त्यांच्यावर निदान सरकारने कायदा आणला होता. आपल्यावर कुणी आणला? मोडी शाळेतून गेली आणि आपण हूं की चूं केलं नाही. या गल्लीतल्या घरांत असे किती रुमाल आहेत! घाटाच्या कामाचे हिशेब असतील, देशाकडून आलेली पत्रं असतील, कुणाच्या तरी विधवा आत्याने काशीवास पत्करताना लिहून दिलेला कागद असेल. असेल, असेल, एवढंच म्हणता येतं, कारण वाचणारा कुणी नाही. कसर खाते, उंदीर खातात, पावसाळ्यात बुरशी येते, आणि आता ते टॉवेल पेटवायला निघाले. तुर्कस्तानाने आपली लिपी बदलली म्हणून हळहळणारा माणूस स्वतःच्या पणजोबाचा गवरीसारखा उपयोग करतो! मला म्हणाले, "अरे, पण काय लिहिलंय ते कुणाला कळतंय?" म्हटलं, तात्या, हेच.

एक आणखी दुखणं आहे, ते या निमित्ताने ओकून टाकतो. देशावरच्या लग्नात मानपान म्हणून टॉवेल-टोपी देतात. गेल्या वीस वर्षांत मला अकरा टोप्या मिळाल्या, एकही डोक्याला बसत नाही. आणि टॉवेल म्हणजे जाळीदार, अंग पुसलं तर पाणी जागा बदलतं फक्त. घडीही न मोडता तो पुढच्या लग्नात पुढच्या पाहुण्याला जातो. माझा अंदाज आहे की नगर ते नागपूर असे एकूण चाळीसच टॉवेल फिरत आहेत. जाळायचेच होते तर हे जाळायचे. पण नाही, घरात एकच धड टॉवेल होता, पुतणीने सोलापूरहून खास आणलेला, तो धुरात गेला. अर्धा करपला. चिठ्ठीचा कोपरा तेवढा वाचला. आता तो फरशी पुसायला आहे.

रुमाल माझ्याकडे आहे. तात्यांनी परत मागितलेला नाही.

परवा पहाटे घाटावर तात्या भेटले. कार्तिकाचा गारठा, अंगावर ओलं उपरणं, दातावर दात वाजत होते. बाजूला वळून हळूच म्हणाले, "तुझी पुतणी पुन्हा कधी येणार?"

"मार्गशीर्षात."

"दोन आणायला सांग. मोठे. पण त्या दुकानदाराला सांग म्हणावं, वर टर्किश-बिर्किश छापलेलं नको."

"मग काय छापू दे?"

तात्यांनी क्षणभर गंगेकडे बघितलं. "हिंदी छापू दे की. साधं, स्वच्छ. हिंदी."

मी बरं म्हटलं.