त्रुटीआक्कासाहेबांस अनावृत पत्र

वज्रचुडेमंडित त्रुटीआक्कासाहेब, मुक्काम निवृत्तिवेतन प्रकरण, यांच्या सेवेशी कोल्हापूरहून एका सेवानिवृत्त कारकुनाचा साष्टांग नमस्कार विनंती विशेष.

आपला जन्म पाचव्या वेतन आयोगाच्या वेतननिश्चितीत, कोणा हिशेबनिसाच्या हातून एक वेतनवाढ जादा पडली त्या क्षणी झाला. त्यानंतर सेवापुस्तकाच्या त्या पिवळ्या पानावर साहेबांच्या सह्या चढत गेल्या, लेखापरीक्षकांची पथके चहा घेऊन परत गेली, तरी आपण डोईवरचा पदर तसूभर ढळू दिला नाही, आणि मी निरोपसमारंभाचा फेटा उतरवून नारळ देवापुढे ठेवतो न ठेवतो तोच वसुलीचा शेरा हाती घेऊन दारात उभ्या राहिलात! निवृत्तीचे कागद दोन वर्षे आधी तयारीस घ्यावेत असे निवृत्तिवेतनाचे १९८२ चे नियम सांगतात खरे. पण शुभकार्याला मुहूर्त लागतो, आणि उपदान अडविण्याचा मुहूर्त निवृत्तीनंतरच निघतो, हे आमच्या निमसरकारी कचेरीतील जाणत्यांना ठाऊक आहे.

याच १९८२ सालच्या १७ डिसेंबरला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी, ज्यांत यशवंतराव चंद्रचूड आणि तुळजापूरकर ही दोन मराठी माणसे होती, नकारा यांच्या खटल्यात निवृत्तिवेतन ही मालकाच्या मर्जीची खैरात नसून केलेल्या सेवेपोटी मिळणारा हक्क आहे असे सांगितले. पुढे २०१४ साली रफिक मसीह यांच्या प्रकरणात, वर्ग तीन व चारच्या नोकराकडून, तसेच निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात होणाऱ्या माणसाकडून, कचेरीच्याच चुकीने दिलेली जादा रक्कम उकळू नये, असाही निवाडा झाला. मी वर्ग तीनचा, निवृत्त, आणि चूक माझ्या हातची नव्हे. तेव्हा आपण लाजून परत फिराल असे मला भोळसटपणे वाटले. आपण मात्र, जादा रक्कम मिळाल्यास परत करीन, असे माझेच हमीपत्र पुढे केलेत. २०१६ च्या एका निकालात तसे हमीपत्र देणाऱ्याकडून वसुली मान्य झाली आहे हे खरे. परंतु तो गृहस्थ न्यायाधीश होता, आणि सही करताना त्याला वाचण्याची सवड तरी असावी. आमच्याकडून ती सही पगारपत्रकाबरोबर, रांगेत उभे करून घेतली जाते, आणि न करणाऱ्याचा फरक अडतो.

या व्यवहारातले खरे चातुर्य निराळेच आहे. न्यायालय एकाच्या बाबतीत निर्णय देते, कचेरी तो त्या एकापुरताच पाळते, आणि दुसऱ्या म्हाताऱ्याला त्याच प्रश्नाचे तेच उत्तर आणण्यासाठी पुन्हा पाठविते. दहांतले आठ जात नाहीत, कारण वकिलाची फी आणि गुडघे यांचा हिशेब जुळत नाही, आणि त्या आठांच्या उपदानातून वळती झालेली रक्कम मुकाट्याने जमेस धरली जाते.

एक उपकार मात्र झाला. १८ ऑगस्ट २०२५ पासून सहा जिल्ह्यांसाठी मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरातच बसू लागले, त्यामुळे महालक्ष्मी एक्सप्रेसने रात्रभर अवघडून मुंबई गाठणे माझ्या नशिबीचे टळले. खुद्द राज्य सरकारच्या नोकरांचे दैव एवढे थोर नाही. त्यांचे गाऱ्हाणे प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, आणि त्याच्या बैठकी मुंबई, नागपूर आणि संभाजीनगरला.

आक्कासाहेब, आता एक कबुली. मीही बारा वर्षे आपलाच पुजारी होतो. गगनबावड्याकडच्या एका विधवेचे कुटुंब-निवृत्तिवेतनाचे प्रकरण, नावातला उकार एका कागदावर ह्रस्व आणि दुसऱ्यावर दीर्घ आहे एवढ्यावरून, मी तीनदा परत केले होते. शेऱ्याचे अक्षर वळणदार होते. साहेबांनी कौतुकही केले. बाई दर खेपेस एस.टी.ने पावसातून यायच्या आणि बाकावर बसून, कागद भिजू नयेत म्हणून, पिशवी उराशी धरून ठेवायच्या. परवा माझ्या तारखेला न्यायालयाच्या बाकावर बसलो तेव्हा माझी पिशवी मी तशीच धरली होती. त्यांचा पत्ता हवा आहे; तो दप्तरखान्यात त्याच प्रकरणात असणार, आणि ते पाहण्याची परवानगी मागणारा माझा अर्ज आपण मागल्या सोमवारी त्रुटीपूर्ततेसाठी परत पाठविला आहे.

आपला आज्ञांकित,
एक हयात निवृत्तिवेतनधारक
(हयातीचा दाखला सोबत जोडला आहे)