फळाची आशा धरू नये

कोर्टाच्या भाषेत एक शब्द आहे, ‘निष्फळ’. वकील मंडळी त्यालाच ‘मॅटर इन्फ्रक्च्युअस झालं’ म्हणतात. अर्थ एकच: तुमचा नंबर लागला, पण भांडण संपून गेलं.

आमच्या ओळखीच्या वकीलसाहेबांच्या कपाटात अशा फायलींचा वेगळा कप्पाच आहे. ‘परीक्षेला बसू द्यावे’: परीक्षा झाली, निकालही लागला. ‘बांधकाम थांबवावे’: त्याच इमारतीच्या सातव्या मजल्यावर आता साड्या वाळत असतात. ‘‘बोर्डावर होतं हो, रीच झालं नाही,’’ साहेब फायलीची दोरी आवळत म्हणतात. म्हणजे यादीत नाव होतं, पण त्या दिवशी नंबर आलाच नाही. फी मात्र वेळेवर रीच झालेली असते.

मोठ्यांचंही असंच. ४ ऑक्टोबर २०१९ला मुंबई उच्च न्यायालयाने मेट्रो कारशेडसाठी आरेतली झाडं तोडू नयेत म्हणणाऱ्या याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती सुरू झाल्या. सरकारी काम रखडतं म्हणणाऱ्यांनी तो झपाटा बघायला हवा होता. ७ तारखेला सर्वोच्च न्यायालयाने तोड थांबवली, तोवर २,१४१ झाडं आडवी झाली होती. हवी तेवढी तोडून झालीत, आता आणखी तोडणार नाही, अशी नम्र हमी सरकारने दिली. दुसऱ्या दिवशी दसरा होता. सीमोल्लंघन आधीच उरकलेलं.

नोटाबंदी जाहीर झाली ८ नोव्हेंबर २०१६ला, निकाल आला २ जानेवारी २०२३ला. चार न्यायमूर्तींनी ती वैध ठरवली. पाचव्यांनी बेकायदा म्हटलं, पण आता मागे फिरता येणार नाही हेही त्यांनीच लिहिलं. तोपर्यंत बंद झालेल्या हजाराच्या नोटेच्या जागी आलेली दोन हजाराचीही एटीएममध्ये दिसेनाशी झाली होती.

आमदारांची गोष्ट आणखी रसाळ. शिवसेना फुटली जून २०२२मध्ये. अपात्रतेवर विधानसभाध्यक्षांचा निर्णय आला १० जानेवारी २०२४ला: दोन्हीकडचं कुणीच अपात्र नाही. त्याविरुद्ध पुन्हा सर्वोच्च न्यायालय, पुन्हा तारखा. नोव्हेंबर २०२४मध्ये ती विधानसभाच संपली. ज्या खुर्चीवरून उठवायचं, तिची मुदत सरली. बसणारे नव्या खुर्चीसाठी मतं मागून आले.

तेव्हा वाचकहो, याचिका कराल तेव्हा शेवटच्या पानावरच्या थोर मागण्या वकिलांवर सोडा. स्वतः एकच गोष्ट विचारा: पहिल्या तारखेला ‘जैसे थे’चा आदेश मिळतोय का? मिळाला, तर झाड उभं राहतं आणि खटलाही. नाही मिळाला, तर निकाल त्याच दिवशी लागला असं समजा. पुढच्या तारखा फक्त प्रत काढण्यासाठी असतात.